खाडीतल्या तीन पायऱ्या

रोह्याकडच्या एका गावाच्या देवाचा करार मी पेणच्या खारेपाटातल्या दुसऱ्याच गावाला लिहून दिला. नावं बदलली, कलमं बदलायला विसरलो. चूक एवढीच. ती तीसेक वर्षं कुणाच्या लक्षात आली नाही, माझ्याही नाही. आणि आली तेव्हा गाव तिला हळदकुंकू वाहत होतं.

मी दस्तलेखक. कोर्टाच्या आणि तहसील कचेरीच्या आवारात ताडपत्रीखाली टेबल मांडून बसलेली जी माणसं तुम्ही पाहता, त्यांतला एक. खेड्यातली माणसं आम्हाला वकीलसाहेब म्हणतात, आम्ही दुरुस्ती करत नाही. वकील आम्हाला 'ए रायटर' म्हणतात, तिथेही आम्ही दुरुस्ती करत नाही. सोमवार, बुधवार, शुक्रवार पेणला आणि मंगळवार, गुरुवार रोह्याला, अशी माझी फेरी असे. टाइपरायटर मांडीवर, कागदांची पिशवी पायांत. दोन्ही गावांचे कागद एकाच पिशवीत. इथेच हुशार वाचकाला पुढचं कळलं असेल. मला कळायला तीस वर्षं लागली.

आमच्या कामाबद्दल थोडं सांगतो, कारण ते आहे त्यापेक्षा फार विद्वत्तेचं दिसतं. माणूस येतो तो तोंडभर भांडण घेऊन येतो. आम्ही ते गाळतो आणि कागदावर उतरवतो. कसं उतरवायचं हे मला ज्यांनी शिकवलं त्या अण्णांकडे एक नमुन्यांची वही होती. खरेदीखत, वाटणीपत्र, हक्कसोड, समजुतीचा करार, सगळ्यांचे नमुने. अण्णांनी ती त्यांच्या गुरूंच्या वहीवरून उतरवली होती, मी अण्णांच्या वहीवरून उतरवली. त्यात दोन ओळी अशा होत्या की त्यांचा अर्थ अण्णांनाही माहीत नव्हता. विचारलं तेव्हा म्हणाले, "तू लिही. त्या नसल्या तर दस्त उघडा वाटतो." मी आजही लिहितो.

त्याच वहीत अण्णांनी मला या धंद्यातला सगळ्यांत उपयोगी शब्द दाखवला: पूर्वापार. पक्षकाराला कारण सांगता येत नसेल, तर 'पूर्वापार वहिवाटीप्रमाणे' असं लिहायचं. समोरचा गप्प होतो. कधीपासून, असं कोणी विचारत नाही. विचारलंच, तर ज्यांना माहीत होतं ते सगळे मेलेले असतात.

आणि प्रत्येक दस्ताच्या शेवटी येतं ते वाक्य. 'सदरचा दस्त आम्ही राजीखुशीने, अक्कलहुशारीने, कोणतीही नशापाणी न करता लिहून दिला असून तो आम्ही वाचून पाहिला, तो आम्हांस समजला व मान्य आहे.' आयुष्यात मी सर्वांत जास्त वेळा लिहिलेलं खोटं वाक्य ते हेच. कोलाडकडचा एक वारसदार वाटणीपत्रावर अंगठा द्यायला आला तेव्हा दोघांनी त्याला काखेत धरला होता आणि तिसऱ्याने अंगठा. मी रिवाजाप्रमाणे शेवटचं वाक्य मोठ्याने वाचलं. 'नशापाणी न करता' ऐकल्यावर त्याने डोळे उघडले आणि म्हणाला, "हे कोनी लिवलं? माझ्याबद्दल एवढं चांगलं आजवर कोन बोललं नाय."

तेव्हा मी हसलो होतो. तसाच पेणमधल्या मूर्तींच्या एका कारखान्याच्या वाटणीतही हसलो होतो. थोरल्याचं म्हणणं, डोळ्यांची आखणी थोरल्या मुलानेच करायची ही घराण्याची पूर्वापार पद्धत, सबब आखणीचे ब्रश आणि गिऱ्हाईक माझ्याकडे. मी ते झोकात टाइप केलं. मागे स्टुलावर त्यांची आई बसली होती. ती म्हणाली, "कसली पद्धत? यांच्या आजोबांचा धाकटा भाऊ तपकीर ओढायचा. शिंक आली की गणपतीचा डोळा कानाला लागायचा. म्हणून त्याच्या हातातनं ब्रश काढून घेतला." आता शिंकेचा मजकूर दस्तात बसत नाही. मी 'पूर्वापार' ठेवलं आणि पुढच्या गिऱ्हाइकाला हाक मारली. शिकायची संधी अशी समोर स्टुलावर येऊन बसली होती, आणि मी तिच्याकडे पाठ करून कार्बन बदलत होतो.

आता मूळ गोष्ट. गावांची नावं मुद्दाम देत नाही. एकदा नावांचा घोळ केला तेवढा पुरे. एकाला नदीकाठचं गाव म्हणू, ते रोह्याच्या बाजूचं. दुसऱ्याला खारातलं गाव, ते पेणच्या खाडीकडचं.

दोन वर्षांपूर्वी वैशाखात खारातल्या गावाहून एक बाई माझ्या पेणच्या टेबलावर आल्या. मथुराबाई. पन्नाशीच्या, कासोटा घातलेल्या, हातात प्लास्टिकची पिशवी. मी आता निवृत्त म्हणजे रोह्याची फेरी बंद केलेला. पेणला सकाळचे दोन तास सवयीने बसतो.

"भाऊ, अर्ज करायचाय. तहसीलदारांना."

"कशाबद्दल?"

"नारळाबद्दल."

आमच्याकडे जमिनीचे, रस्त्यांचे, रेशनकार्डांचे अर्ज येतात. नारळाचा पहिलाच. म्हटलं, सांगा.

खारेपाट ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी: खाडीच्या कडेला मातीचा लांबलचक बांध घालून आतली जमीन भाताला घेतलेली असते. बांधात लाकडी फळ्यांचा दरवाजा असतो, त्याला उघाडी म्हणतात. ओहोटीला फळ्या काढायच्या, म्हणजे शेतातलं पाणी खाडीत जातं. भरतीच्या आत लावायच्या, नाहीतर खारं पाणी शेतात शिरतं, आणि एकदा शिरलं की दोनतीन वर्षं भाताचं नाव काढू नये. ही उघाडी राखायचं काम मथुराबाईंच्या घराकडे. सासऱ्यांनी केलं, नवऱ्याने केलं, नवरा गेल्यावर त्या करतात. त्यांचं स्वतःचं शेत उघाडीला लागूनच आहे. तिथे चूक झाली तर पहिलं बुडणार ते त्यांचंच.

पावसाआधी बांधाची डागडुजी झाली की गावदेवाची पालखी उघाडीवर येते आणि तिथे नारळ ठेवतात, बांध धरून ठेव बाबा म्हणून. नारळ ओहोटीलाच ठेवायचा, उघाडी उघडी असताना. मथुराबाईंचं म्हणणं, तो नारळ मी ठेवणार.

"मग अडचण काय?"

"कमिटी म्हनते, बाप्याचा मान हाय. गेल्या सालची गंमत सांगू? ज्याचा मान तो डोलवीला कंपनीत. फस्ट शिफ्ट. पालखी बांधावर उभी, वाजाप थांबलेलं, आन तो येतोय येतोय म्हनून फोन. तवर भरती लागली. मी म्हटलं, देव ऱ्हाऊ दे उभा, मी फळ्या लावते. लावल्या. तो आला तवा उघाडी बंद. नारळ ठेवला बंद फळीवर. आन मला म्हनतात, तू देवाच्या तोंडावर दार लावलंस."

"असं कमिटी कशाच्या आधारावर म्हणते?"

त्यांनी पिशवीतून एक झेरॉक्स काढली. झेरॉक्सची झेरॉक्स, तिचीही झेरॉक्स. समजुतीचा करार. मी चष्मा सरसावला आणि जाणत्याच्या थाटात वाचायला लागलो. कलम तीन: 'नारळाचा मान पूर्वापार वहिवाटीप्रमाणे फक्त पुरुष खातेदाराचा राहील.' कलम चार: 'पालखी घाटाच्या तीन पायऱ्यांवर क्रमाने टेकवून मगच पुढील विधी करण्यात यावा.'

मला हसू आलं. म्हटलं, "बाई, हा करार कुणा गाढवाने लिहिलाय. खाडीच्या चिखलात घाट कुठला? अहो, घाट नदीला असतो. मसुदा करणाऱ्याने जागा तरी बघावी. असल्या माणसांमुळे आमचा धंदा बदनाम..."

बोलता बोलता मी शेवटच्या पानावर आलो. खाली लिहिणाऱ्याची सही आणि शिक्का असतो. शिक्का माझा होता.

मथुराबाई शांतपणे म्हणाल्या, "नाव तुमचंच हाय. म्हनून तर तुमच्याकडं आले."

घरी जाऊन मी जुन्या स्थळप्रती काढल्या. आम्ही प्रत्येक दस्ताची एक कार्बन प्रत ठेवतो, तिला स्थळप्रत म्हणतात. सापडलं सगळं. मंगळवारी रोह्याला नदीकाठच्या गावाचा करार केला होता, बुधवारी पेणला खारातल्या गावाचा. खारातल्या गावचं भांडण वेगळंच होतं: वरची आळी आणि खालची आळी, पालखीला पहिला खांदा कुणाचा. ती माणसं घाईत होती, मीही घाईत होतो. कालचाच करार पिशवीत होता. वरचं नाव बदललं, देवाचं नाव बदललं, खांद्याची पाळी लिहिली आणि उरलेली कलमं जशीच्या तशी चढवली. शेवटी अर्थातच: वाचून पाहिला, समजला व मान्य आहे.

आणि नदीकाठच्या गावात ते कलम तीन कुठून आलं, तेही मला आठवलं. तिथला म्होरक्या माझ्या टेबलाशी वाकून सांगत होता. त्याची विधवा वहिनी खातेदार झाली होती, सातबाऱ्यावर तिचं नाव लागलं होतं, आणि मानाची पाळी तिच्याकडे यायची होती. तो म्हणाला, "नुसतं खातेदार नको. पुरुष खातेदार लिवा."

मी विचारलं, "पूर्वापार?"

"लिवा. जोरात लिवा."

म्हणजे एका दिराचा वहिनीवरचा राग, त्यावर माझा आळस, आणि दोन्हींवर 'पूर्वापार'चा शिक्का. खारातल्या गावात हा धर्म झाला होता.

पण घाटाचं काय? म्हणून मी दुसऱ्या दिवशी एसटीने गेलो. बांधावर उघाडीच्या शेजारी खरोखर तीन पायऱ्या होत्या. सिमेंटच्या. वर देऊळ नाही, खाली घाट नाही. चिखलात सुरू होऊन चिखलात संपत होत्या. त्यांच्यावर हळदकुंकू, झेंडूची वाळलेली फुलं, एक विझलेली उदबत्ती.

"ह्या कोणी बांधल्या?"

"गावानं," मथुराबाई म्हणाल्या. "कागदात पायऱ्या हायेत आन आपल्याकडं नायत, म्हंजे आपलंच कायतरी चुकलं असणार, म्हनून बांधल्या. मग कोनतरी म्हनलं, देव पयल्यांदा खाडीतनं हितंच वर आला. आता नवी नवरीपन पाया पडाया आनतात."

पुढचं ऐका. तीनचार वर्षांपूर्वी सप्त्याला आलेल्या एका कीर्तनकारबुवांनी या तीन पायऱ्यांवर दोन तास निरूपण केलं होतं. पहिली पायरी तमोगुण, दुसरी रजोगुण, तिसरी सत्त्वगुण. आणि तिसरीच्या वर पायरी नाही, कारण पुढे निर्गुण. मथुराबाईंना ते पाठ होतं. मी ऐकत होतो आणि मला रडावं की हसावं कळेना, कारण निरूपण उत्तम होतं. माझ्या हातून आयुष्यात एवढं खोल काही निघालं नव्हतं, आणि निघालं ते कार्बनखालून. नदीकाठच्या गावात त्या पायऱ्यांवर पालखी का टेकवतात ते मला ठाऊक होतं. चढ आहे, भोई दमतात.

तोवर मला हे सगळं गमतीचंच वाटत होतं. मग मी सहज विचारलं, "करारापूर्वी नारळ कोण ठेवायचं?"

"माझी सासू."

"बाईमाणूस?"

"मग कोन? बाप्ये सगळे मिठागरावर असायचे. वैशाखात मीठ निघतंय. पाऊस यायच्या आत खेचायचं, तवा कोन घरी येतंय? बांध बायकाच भरायच्या, नारळबी बायकाच ठेवायच्या. पालखीला खांदाबी बायकांचाच. मग मिठागरं बसली, बाप्ये घरी आले, आन खांद्यावरनं भांडाय लागले."

मथुराबाई उघाडीच्या चौकटीवर हात ठेवून उभ्या होत्या. म्हणाल्या, "कागद झाला त्या साली सासू नारळ घेऊन आली हितं. तिला कोन बोललंच नव्हतं. पालखीपुढं तिला वाचून दाखवलं, कलम तीन. ती म्हनली, मला लिवता वाचता येत नाय, सरकारात असंल तसं. नारळ पदरात घातला आन घरी गेली. परत बांधावर आली नाय ती. बांधावरचं तिचं काम माझ्यावर सोपवलीन. मरेपर्यंत तिला वाटायचं, तिनं एवढी वर्सं देवाचं कायतरी चुकीचं केलं."

मी परतीची एसटी धरली. 

पेणला परतल्यावर मी शेजारच्या टेबलावरच्या परशुरामला सगळं सांगितलं. तो माझ्याइतकाच जुना. त्याने आधी पोटभर हसून घेतलं, मग गंभीर झाला. "अर्ज लिहून दे आणि मोकळा हो. चूक माझी होती असं कुठे बोलू नकोस. गावात तुझे खरेदीखतांचे पाचपन्नास दस्त असतील. उद्या जो तो उठेल आणि म्हणेल, तेही असेच उतरवलेत का? तुझं जाऊ दे, आमच्या टेबलांकडे कोण येईल?"

त्याचं बोलणं चुकीचं नव्हतं. पण माझ्या डोळ्यांसमोर पदरात नारळ घेऊन बांधावरून परत फिरलेली एक म्हातारी होती. तिला मी कधी पाहिलंही नव्हतं.

रविवारी सकाळी देवळाच्या सभामंडपात कमिटीची सभा होती. रविवारी, कारण त्या दिवशी निदान निम्म्यांना सुट्टी असते. मी अर्ज बाजूला ठेवला आणि दोन्ही स्थळप्रती घेऊन गेलो. अध्यक्ष गजाभाऊ, कंपनीत ठेकेदाराकडे सुपरवायझर, चांगला माणूस. आणि खांबाला टेकून पांडूनाना. त्या करारावर अंगठे देणाऱ्यांपैकी जिवंत असलेले ते एकटेच. मथुराबाई मंडपाच्या पायरीशी इतर बायकांत बसल्या होत्या.

मी दोन्ही कागद शेजारी शेजारी ठेवले आणि म्हणालो, "कलम तीन ते सात, शब्दाला शब्द तेच. तुमचा करार तुमचा नाही. रोह्याकडच्या गावाचा आहे. मी चुकून चढवला."

कागद हातोहात फिरले. मग मागून एकाने विचारलं, "म्हंजे आमी तीस वर्सं दुसऱ्याच्या देवाचं केलं?"

"देव तुमचाच. कलमं दुसऱ्याची."

"आन पायऱ्या?"

"पायऱ्याही त्यांच्याच."

गजाभाऊ लाल झाले. "म्हणजे आख्खं गाव मूर्ख, असं म्हणायचंय तुम्हाला?"

"मूर्ख मी एकटा. तुम्ही विश्वास ठेवलात."

"भाऊ, तुम्ही आता उठून सांगणार की कागद चुकीचा, आणि आम्ही ऐकायचं? मग उद्या माझं घरपण तुम्हीच लिहिलंय, तेही चुकीचं का?"

परशुराम म्हणाला होता ते बरोबर याच शब्दांत समोर आलं. मी म्हणालो, "तपासा. प्रत घेऊन या, मी टेबलावर बसून वाचून दाखवतो, फुकट. ज्याच्या दस्तात चूक निघेल त्याच्यासाठी मी कोर्टात उभा राहून सांगेन की ती माझी. पण चूक झाकायला मी एका बाईला बांधावरून परत पाठवणार नाही. एकदा पाठवली ती पुरे."

तेव्हा पांडूनाना बोलले. सावकाश, खांबाचा आधार न सोडता. "तुज्या कागदात चूक असंल. पर तीस साल झालं ते झालं का नाय? पोरं जल्मली, ल्हानाची मोठी झाली, त्यांनी हेच बघितलं. देवाला कागद वाचता येत नाय, त्याला वहिवाट कळते. चुकीनं लावलेला आंबा म्हनून काय कोन तोडतंय?"

खरं सांगतो, इतका नेमका मुद्दा मी मोठ्या वकिलांकडूनही ऐकला नाही. रूढीला कायदा मान्यता देतो ती याच जोरावर: जुनी आहे, सतत आहे, लोक पाळतात. जन्माचा दाखला कोणी मागत नाही. मागितला तर बहुतेक रूढी अनाथ निघतील. मी प्रश्न विचारला.

"नाना, आंबा तोडू नका. पण त्याच्या आधी तिथे कुणाचं झाड होतं, ते तुम्हाला आठवतं ना?"

नानांनी पायरीकडे पाहिलं. मथुराबाई खाली बघत होत्या.

"आठवतं," ते म्हणाले. "हिची सासू. मी तवा पालखीच्या म्होरल्या खांद्याला होतो. मला ठावं होतं का नारळ तिचाच. कागद वाचला तवा मला वाटलं, आपल्याला कळत नाय, लिवणारा शिकलेला हाय." मग म्हणाले, "आमी तुला शानं समजलो. आमचीबी चूकच."

गजाभाऊ अजून घुश्शात होते. "नाना, मग तुम्ही तीस वर्षं बोलला का नाही?"

"तू तवा केवढासा होतास? मी बोललो असतो तर कागदानं आमच्या खालच्या आळीला दिलेला पयला खांदा वरच्या आळीला गेला असता. सगळाच कागद फाटला असता ना."

हे ऐकल्यावर मंडपात जो हशा झाला त्यात गजाभाऊंचाही राग निम्मा वाहून गेला. तरी सगळं मिटलं असं समजू नका. तास दीड तास वाद चालला. एक जण म्हणाला, देवाला कौल लावू. दुसरा म्हणाला, त्या नदीकाठच्या गावाला विचारू, नाहीतर त्यांची कलमं आपण वापरली म्हणून ते भांडायला येतील. शेवटी मथुराबाई उभ्या राहिल्या आणि सगळ्यांना एकच विचारलं: "ह्या साली नारळाच्या दिवशी ओहोटी सकाळी आठच्या सुमारास हाय. त्या वेळेला कोन कोन बाप्या बांधावर असंल, हात वर करा."

पाच हात वर झाले. त्यांतला एक पांडूनानांचा, त्यांना तर बांध चढताच येत नाही.

"आन बाया?"

मी मोजले नाहीत. मोजायची गरज नव्हती.

गजाभाऊ म्हणाले, "ह्या वर्षी ठेव. पुढचं पुढे बघू." खारेपाटात क्रांती अशी होते.

आता थोडं माझं. ही गोष्ट मी पेणमध्ये सांगतो तेव्हा काही सज्जन मला गाठून सांगतात की भाऊ, श्रद्धेच्या गोष्टींची अशी चेष्टा करू नये, परंपरा ही परंपरा असते. त्यांना मी या अंकातून जाहीर सांगतो: परंपरा मी स्वतःच्या हाताने केलेली आहे. माझ्याकडे तिची कार्बन प्रत आहे. मला तो शब्द दाखवून घाबरवू नका. देवावर माझा राग नाही, पायऱ्यांवरही नाही. बुवांचं निरूपण तर मी पुन्हा ऐकायला जाईन. मिठागरावर माणसं अडकली म्हणून बायकांनी नारळ ठेवला, त्याचा धर्म झाला. मिठागरं बंद पडली, त्याचा दुसरा धर्म झाला. कंपनीत शिफ्ट आली, आता तिसरा होईल. होऊ दे. प्रत्येक वेळी कुणाच्या तरी सोयीने झाला आहे, फक्त त्या सोयीचं नाव कुणी लिहून ठेवलेलं नाही. पण 'पूर्वापार' म्हणून कुणाला मागे ढकलायचं असेल, तर माझ्या टेबलावर येऊ नका. मी आता विचारतो, कधीपासून? उत्तर देता आलं तर लिहितो. तीन गिऱ्हाइकं उठून परशुरामकडे गेली. तो मला दुवा देतो.

नारळाच्या दिवशी मी बांधावर गेलो होतो. सकाळची ओहोटी, उघाडीच्या फळ्या काढलेल्या, शेतातलं पाणी खळखळत खाडीकडे चाललेलं. पालखी आली. भोयांनी ती सवयीने तीन पायऱ्यांवर टेकवली. तमोगुण, रजोगुण, सत्त्वगुण. मी मथुराबाईंना हळूच म्हटलं, या पायऱ्या आता काढून टाकायला सांगू का, त्याही माझ्याच चुकीच्या. त्या म्हणाल्या, "ऱ्हाऊ दे. माझे गुडघे दुखतात, उतराया बऱ्या पडतात." म्हणजे पायऱ्यांना पहिल्यांदाच खरं कारण मिळालं.

मग त्या त्याच पायऱ्या उतरून उघाडीच्या चौकटीपाशी गेल्या. नारळ पदराखालून काढला. क्षणभर तो तसाच हातात धरून उभ्या राहिल्या, ओठ हलत होते. देवाला काही सांगत होत्या की सासूला, ते मला ऐकू आलं नाही. मग नारळ चौकटीवर ठेवला, मूठभर तांदूळ वाहिले, आणि लगेच मागे वळून ओरडल्या, "चला, वाजवा, भरती लागायच्या आत वर जाऊ दे देवाला." वाजंत्री सुरू झाली. एवढंच. आकाशातून काही पडलं नाही.

 आयुष्यभरात एक चूक दुरुस्त झाली होती, आणि ती मी स्वतः बोलून केली होती. गजाभाऊ जवळ आले आणि म्हणाले, पुढल्या वर्षी पुन्हा वाद नको, काहीतरी नक्की करून ठेवायला हवं. मी तर त्याचीच वाट बघत होतो. खिशातलं पेन काढलं, पिशवीतून कोरा कागद काढला. म्हटलं, "आत्ताच करू. नवा करार. उघाडी ज्याच्या घराकडे त्या घरच्या बाईचा नारळ, असं स्वच्छ लिहितो. या वेळी एकेक कलम तुम्हाला वाचून दाखवेन. फी नको."

मथुराबाईंनी माझ्या हातातला कागद घेतला, त्याची दुमडून चौकोनी घडी केली आणि प्रसादाचं खोबरं त्यात बांधून माझ्याच हातात दिलं.

"नको भाऊ," त्या म्हणाल्या. "तुमी लिवलं का गाव तीस वर्सं निस्तरत बसतंय."